कमवत नव्हता, मग नुकसान कसलं?

समजा, कॉलेजला जाताना तुमच्या बाइकला टेम्पोनं ठोकलं. मांडीचं हाड मोडलं, आत रॉड बसला, एक वर्ष वाया गेलं. मग क्लेमची केस, तारखा, वकिलांच्या ऑफिसातल्या चकरा. तीन-चार वर्षांनी एक दिवस फोन येतो, ‘निकाल लागला, एवढे एवढे मिळाले.’ आई म्हणते, सुटलो बाबा एकदाचे. काका म्हणतात, मिळाले ते घे, कोर्टाच्या पायऱ्या आणखी किती झिजवणार?

थांबा. त्या निकालाची प्रत मागवा आणि एकदा शांतपणे वाचा. आकड्यांच्या पानापर्यंत आलात की कुठेतरी अशा अर्थाचं एक वाक्य सापडण्याची बरीच शक्यता आहे: अर्जदार विद्यार्थी असून त्याला कोणतंही उत्पन्न नाही, म्हणून त्याचं मासिक उत्पन्न अमुक धरण्यात येत आहे. तो ‘अमुक’ आकडा बघून हसू येईल किंवा रडू. त्याच एका आकड्यावर पुढचा सगळा हिशेब उभा असतो.

नोकरी करणाऱ्याकडे पगाराची स्लिप असते, दुकानदाराकडे रिटर्न्स असतात. तुमच्याकडे काय, तर सेमिस्टरची मार्कशीट! वीस वर्षांच्या पोरानं पायाबरोबर काय गमावलं हे कागदावर दाखवणं अवघड असतं, कारण गमावलेलं सगळं पुढच्या चाळीस वर्षांत आहे. म्हणून पहिल्या निकालात विद्यार्थ्यांना कमी मिळू शकतं, आणि म्हणूनच अपील ही गोष्ट त्यांनी नीट समजून घ्यायला हवी.

हिशेब असतो तरी कसा?

घाबरू नका, अकरावीच्या गणितापेक्षा सोपं आहे. मोटार वाहन कायदा १९८८च्या कलम १६६ खाली जो दावा चालतो, त्यात कमाईच्या नुकसानीचं सूत्र ठरलेलं आहे. वार्षिक उत्पन्न घ्यायचं, त्यात भविष्यातली वाढ मिळवायची, त्याला अपंगत्वाच्या टक्क्यानं गुणायचं आणि शेवटी वयाप्रमाणे ठरलेल्या गुणकानं गुणायचं. हा गुणक सर्वोच्च न्यायालयाच्या २००९च्या सरला वर्मा निकालातल्या तक्त्यातून येतो. १५ ते २५ वयासाठी तो १८ आहे, २६ ते ३० साठी १७, आणि पुढे वयाबरोबर उतरत जातो. तुमच्या वयाला सगळ्यात मोठा गुणक, एवढी एकच गोष्ट या हिशेबात तुमच्या बाजूनं आहे.

भविष्यातली वाढ किती धरायची ते २०१७च्या प्रणय सेठी निकालानं ठरवलं. स्वतःचा धंदा किंवा ठरावीक पगार असलेला माणूस चाळिशीच्या आतला असेल तर ४० टक्के, कायम नोकरी असेल तर ५० टक्के. तो खटला मृत्यूच्या भरपाईचा होता. त्यामुळे जखमी माणसाला ही वाढ लागू नाही, असं विमा कंपन्यांचे वकील म्हणत राहिले. सप्टेंबर २०२०मध्ये सर्वोच्च न्यायालयानं एका वीस वर्षांच्या मुलाच्या केसमध्ये हा वाद मिटवला. कायमचं अपंगत्व आलं असेल तर जखमींनाही भविष्यातली वाढ द्यायची.

आता आकडे घालून बघू. तुमचं वय वीस, ट्रिब्युनलनं मासिक उत्पन्न धरलं दहा हजार. वाढ दिलीच नाही आणि अपंगत्व धरलं १५ टक्के. वर्षाचे १,२०,०००, त्याचे १५ टक्के १८,०००, गुणिले १८, म्हणजे ३,२४,०००. हीच केस अपिलात जाते. ४० टक्के वाढ धरली जाते आणि अपंगत्वाचा टक्का ३० ठरतो. आता झाले १,६८,०००, त्याचे ३० टक्के ५०,४००, गुणिले १८, म्हणजे ९,०७,२००. त्यातच, हा मुलगा डिप्लोमाच्या शेवटच्या वर्षाला होता, पंधरा हजार तरी धरा, हे म्हणणं पटलं, तर १३,६०,८००. पाय तोच, रॉड तोच. हे आकडे मी समजण्यासाठी घेतलेत. पण अपील म्हणजे बहुतेक वेळा याच दोन-तीन आकड्यांवरचं भांडण असतं, हे त्यातून लक्षात येईल.

आणखी एक बारीक गोष्ट तपासा. मृत्यूच्या दाव्यात त्या माणसाचा स्वतःचा खर्च वजा करतात, कारण तो आता नाही. जखमी माणूस जिवंत आहे, जेवतो, भाडं भरतो, त्यामुळे त्याच्या हिशेबात ही वजावट करायची नसते. तुमच्या निकालात ‘वैयक्तिक खर्चापोटी एक तृतीयांश वजा’ असं काही दिसलं, तर वकिलांना त्याच दिवशी दाखवा.

टक्का कुणाचा?

खरी मारामारी अपंगत्वाच्या टक्क्यावर होते, आणि इथे बहुतेकांचा गोंधळ उडतो. सिव्हिल हॉस्पिटलचं सर्टिफिकेट म्हणतं, उजव्या पायाचं ४५ टक्के अपंगत्व. घरच्यांना वाटतं, ४५ टक्के कमाई बुडाली, तेवढं मिळायला हवं. कंपनीचा वकील म्हणतो, पाय म्हणजे काही पूर्ण शरीर नाही, दहा टक्के धरा.

सर्वोच्च न्यायालयानं २०१०मध्ये राजकुमार विरुद्ध अजय कुमार या निकालात याची उकल केली. अवयवाचं अपंगत्व वेगळं, पूर्ण शरीराचं वेगळं आणि कमाईच्या क्षमतेवर झालेला परिणाम वेगळा. भरपाईसाठी मोजायचा तो तिसरा. निकालात दिलेलं उदाहरण फार बोलकं आहे. डावा हात गेलेला माणूस ड्रायव्हर किंवा सुतार असेल तर त्याची कमाई जवळपास शंभर टक्के गेली. तोच माणूस सरकारी कार्यालयात क्लार्क असेल तर त्याची नोकरी टिकूही शकते.

तुम्ही तर अजून ड्रायव्हरही नाही आणि क्लार्कही नाही. मग तुमच्या बाबतीत काय मोजायचं? तुम्ही काय शिकत होतात, ते. आयटीआयत फिटरचा ट्रेड करणाऱ्या मुलाची मनगटं आणि बीकॉमच्या मुलाची मनगटं कोर्टासमोर सारखी नाहीत. हॉटेल मॅनेजमेंटच्या मुलीला दिवसभर उभं राहता येत नसेल, पोलीस भरतीची तयारी करणाऱ्याला धावता येत नसेल, नर्सिंगच्या विद्यार्थिनीला पेशंट उचलता येत नसेल, तर तिथे १५ टक्के अपंगत्वही करिअर संपवणारं ठरू शकतं. फक्त हे कुणीतरी ट्रिब्युनलला सांगावं लागतं. न्यायाधीश मनकवडे नसतात.

२०२०च्या ज्या केसचा उल्लेख वर आला, त्यातला मुलगा डेटा एंट्रीचं काम करणारा होता. बसच्या अपघातात उजवा हात गेला. सर्टिफिकेट ८९ टक्क्यांचं होतं. हायकोर्टानं कमाईचं नुकसान ४५ टक्के धरलं, सर्वोच्च न्यायालयानं ते ६५ केलं. टायपिंगवर पोट असलेल्या माणसाचा उजवा हात! तरीही वीस टक्क्यांसाठी त्याला दिल्लीतल्या सगळ्यात वरच्या कोर्टापर्यंत जावं लागलं. यावर काय बोलणार?

पोरांच्या केसेस

विद्यार्थ्यांच्या दोन केसेस मुद्दाम सांगतो. पहिली २०१०ची. इंजिनीअरिंगच्या शेवटच्या वर्षाचा मुलगा, प्रत्येक सेमिस्टरला डिस्टिंक्शन. अपघातानंतर सुमारे दोन महिने कोमात, उजवा हात कापावा लागला, ७० टक्के कायमचं अपंगत्व. कॅम्पसमधून साडेतीन लाखांच्या पॅकेजची ऑफर होती, असं पुराव्यात आलेलं होतं. सर्वोच्च न्यायालयानं मात्र सरकारी असिस्टंट इंजिनीअरचा पगार डोळ्यांपुढे ठेवून वर्षाला ६०,००० रुपये धरले. त्याचे ७० टक्के ४२,०००, गुणिले १८, म्हणजे ७,५६,०००. बाकीच्या बाबी मिळवून ९,०६,००० रुपये मंजूर झाले. म्हणजे शिकणाऱ्या मुलाची होऊ शकणारी कमाई मोजता येते, हे न्यायालयानं मान्य केलं. पण तो आकडा अजून मोठा व्हायला हवा होता, असं मला तरी वाटतं. आजच्या नियमाप्रमाणे त्यावर भविष्यातली वाढही मागता आली असती.

दुसरी केस ताजी, जुलै २०२५ची. तमिळनाडूतला इंजिनीअरिंगचा विद्यार्थी, जानेवारी २०१७मध्ये मित्राला मागे बसवून बाइकवरून चालला होता. हायवेवर पुढच्या कारनं अचानक ब्रेक मारला. बाइक कारला धडकली, तो रस्त्यावर पडला आणि मागून येणारी बस त्याच्या पायावरून गेली. डावा पाय कापावा लागला. ट्रिब्युनलनं दिलेली रक्कम हायकोर्टात उलट कमी झाली. सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं, हायवेवर मागच्यांना इशारा न देता गाडी थांबवणं हाच निष्काळजीपणा आहे. मग जबाबदारी वाटली: कार ५० टक्के, बस ३० टक्के आणि स्वतः मुलगा २० टक्के. शेवटी त्याला सुमारे ९१ लाख ३९ हजार मिळाले.

त्या २० टक्क्यांवर जरा रेंगाळू या. पुढच्या गाडीपासून पुरेसं अंतर ठेवलं नव्हतं आणि त्याच्याकडे वैध लायसन्स नव्हतं. एकूण भरपाई एक कोटी १४ लाखांच्या घरात निघत होती. त्यातले वीसएक लाख या कारणानं कापले गेले. ‘अजून लर्निंगच आहे रे, चालतंय’ असं म्हणणाऱ्या तुमच्या ग्रुपमधल्या त्या एकाला हा आकडा फॉरवर्ड करा.

ट्रिपल सीटचं काय? कंपनीचा वकील हा मुद्दा हमखास काढतो. २०२०मध्ये सर्वोच्च न्यायालयानं स्पष्ट केलं, की बाइकवर तिघं होते एवढ्यावरून आपोआप भरपाई कापता येत नाही. तिघं असल्यामुळेच अपघात झाला किंवा दुखापत वाढली, हे दाखवावं लागतं. पोलिसांचा दंड वेगळा, तो भरायचाच. आणि तुम्ही मागे बसलेले असाल, चूक दोन्ही गाड्यांची असेल, तर दोघांपैकी कुणाकडूनही पूर्ण भरपाई मागता येते. त्यांचा आपसातला हिशेब ते बघतील. मित्राविरुद्ध कशाला बोलायचं, म्हणून बरीच मुलं इथेच अडतात. पण पैसे मित्राच्या खिशातून जाणार नसतात, बहुतेक वेळा ते विमा कंपनी देते.

सही करायच्या आधी

आता सगळ्यात महत्त्वाचं, आणि हे अपिलाच्या बरंच आधी घडतं.

निकालाच्या आधी कधीतरी तुमच्यासमोर एक आकडा ठेवला जाईल. कायद्यातल्या २०१९च्या दुरुस्तीनंतर विमा कंपनीचा अधिकारी स्वतःच तडजोडीचा प्रस्ताव देऊ शकतो. किंवा केस लोकअदालतीत लागते. मोठा हॉल, टेबलं मांडलेली, प्रत्येक टेबलावर पॅनेल, शेजारी कंपनीचा माणूस फाइलींचा गठ्ठा घेऊन बसलेला. आज सही करा, चेक लवकर. लोकअदालत वाईट नाही. लहान दुखापत असेल, पूर्ण बरे झाला असाल, तर वर्षानुवर्षं ताटकळण्यापेक्षा ती शंभरदा बरी. पण तिथे झालेल्या निवाड्यावर अपील नाही. कायद्यानंच तो अंतिम आहे. सहा महिन्यांनी रॉड काढायचं दुसरं ऑपरेशन निघालं, गुडघा वाकेनासा झाला, तरी ते दार बंद झालेलं असतं.

तसाच दुसरा सापळा कलम १६४चा. गंभीर दुखापतीसाठी अडीच लाख, चूक कुणाची हे सिद्ध करायची गरज नाही. ऐकायला भारी वाटतं. पण ती रक्कम स्वीकारली, की तुमचा कलम १६६चा दावा संपतो. पाय कापलेल्या मुलानं अडीच लाखांवर सही केली, तर वरचे सगळे गुणक, टक्के, वाढ त्याच्यासाठी फक्त वाचायच्या गोष्टी उरतात.

म्हणून साधा नियम: डॉक्टर लेखी सांगत नाहीत, की आता पुढे काही ऑपरेशन नाही आणि अपंगत्व एवढ्यावर थांबलंय, तोवर आकड्यावर सही नको.

अपील होतं तरी कसं

ट्रिब्युनलचा निकाल पटला नाही तर कलम १७३ खाली हायकोर्टात अपील करता येतं. मुदत ९० दिवस. निकालाची प्रमाणित प्रत मिळवण्यात गेलेले दिवस त्यातून वगळतात, पण त्यासाठी नकलेचा अर्ज वेळेत टाकलेला हवा. मुदत उलटली तर उशीर माफ करण्याचा अर्ज करता येतो आणि कारण खरं असेल, अंथरुणाला खिळलेले असाल, तर कोर्ट ते समजूनही घेतं. तरी त्या भरवशावर बसू नका. वादातली रक्कम एक लाखापेक्षा कमी असेल तर अपीलच नाही.

मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर आणि गोवा ही ठिकाणं आधीपासून होती. ऑगस्ट २०२५पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालंय. त्यामुळे कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग इथल्या मुलांचा मुंबईचा फेरा वाचला. कुबड्या घेऊन रात्रीच्या एसटीनं मुंबई गाठायची म्हणजे काय, हे ज्यानं केलंय त्यालाच माहीत.

‘पैसे उचलले तर अपील जाईल’ ही भीती घराघरांत असते. ट्रिब्युनलनं दिलेली रक्कम तुम्ही घेऊ शकता आणि वाढीव रकमेसाठी अपीलही करू शकता. निकालानंतर ३० दिवसांत कंपनीनं पैसे जमा करायचे असतात. आणि ‘दाव्यात दहा लाखच मागितले होते, आता जास्त कसे मागणार?’ हा प्रश्नही सुटलेला आहे. २००२च्या निकालापासून सर्वोच्च न्यायालय सांगत आलंय, की न्याय्य भरपाई मागितलेल्या रकमेपेक्षा जास्त निघत असेल तर ती देता येते.

कंपनीनंच अपील केलं तर? ते बऱ्याचदा होतं. नोटीस आली की घरचे हादरतात. खरं तर तीसुद्धा एक संधी आहे. ती नोटीस मिळाल्यापासून एका महिन्यात तुम्ही त्याच अपिलात क्रॉस ऑब्जेक्शन टाकून वाढीव रक्कम मागू शकता. नोटिशीचं पाकीट न उघडता टीव्हीवर ठेवून देणाऱ्या घरांमध्ये ही संधी जाते.

आता कटू भाग. हायकोर्टात नव्यानं साक्षीदार तपासत नाहीत. खालच्या कोर्टात जे कागद आले, जी साक्ष झाली, त्यावरच सगळं उभं राहतं. नवा पुरावा घ्यायची तरतूद आहे, पण तो आधी का दिला नाही याचं चांगलं कारण लागतं. म्हणजे अपिलाची तयारी ट्रिब्युनलमध्ये पहिल्या दिवशी सुरू होते. तुम्हाला तपासलेल्या डॉक्टरांनी साक्षीला यायला हवं. नुसतं सर्टिफिकेट फाइलला लावलं आणि डॉक्टर आलेच नाहीत, तर टक्का कोसळतो. उपचार न करणाऱ्या डॉक्टरांनी सहज लिहून दिलेल्या सर्टिफिकेटांपासून सावध राहा, असं सर्वोच्च न्यायालयानंच ट्रिब्युनलना सांगितलंय. डॉक्टरांना वेळ नसतो, कोर्टात यायचा कंटाळा असतो. आईनं दोनदा जाऊन हात जोडावे लागले तरी ते करा.

आणि कॉलेजचे कागद! मार्कशीट, बोनाफाइड, चुकलेल्या परीक्षेचं हॉलतिकीट, गॅपचं पत्र, इंटर्नशिपचा मेल, तुमच्याच बॅचच्या मुलांना मिळालेल्या नोकऱ्यांबद्दल प्लेसमेंट सेलचं पत्र. प्राचार्य किंवा विभागप्रमुखांना साक्षीदार म्हणून बोलावता येतं. क्लेमच्या फाइलींमध्ये औषधांची बिलं जाडजूड आणि शिक्षणाचा कागद एखादाच, असं चित्र असेल तर न्यायाधीशांनी तुमचं भविष्य कुठून वाचायचं? संध्याकाळी ट्यूशन घेत होतात, कॅफेत काम करत होतात, तर त्या यूपीआयच्या नोंदीही द्या. तेही उत्पन्नच आहे.

हिशेबात आणखी काय राहून जातं? कृत्रिम पाय एकदा बसवला की आयुष्यभर पुरत नाही. पाच-सहा वर्षांनी बदलावा लागतो, हे २०२२च्या एका निकालात सर्वोच्च न्यायालयानं धरलं आणि त्याचे पैसे दिले. सांभाळणाऱ्या माणसाचा खर्च ठोक रक्कम टाकून मिटवायचा नाही, तो गुणक लावून मोजायचा, हे २०२०मध्ये एका मुलीच्या केसमध्ये झालं. अपघातावेळी ती बारा वर्षांची होती. मेंदूला मार लागून तिचं अख्खं आयुष्य दुसऱ्यावर अवलंबून राहिलं, आणि भरपाई ६२ लाख २७ हजारांवर गेली. तुमच्या आईनं नोकरी सोडून वर्षभर तुमचं केलं असेल तर ते दाव्यात लिहा. घरात आपण त्याला सेवा म्हणतो, हिशेबात तो खर्च आहे. वेदना, खेळता न येणं, लग्न जमण्यातल्या अडचणी, वाया गेलेलं वर्ष, या सगळ्यांचे वेगळे रकाने असतात. ते रिकामे राहिले का, ते बघा.

जावं की न जावं

प्रत्येकानं अपील करावं असं अजिबात नाही. हायकोर्टात वर्षं जातात. वाढलेल्या रकमेवर व्याजही मिळू शकतं, ती एक जमेची बाजू. कंपनीनं स्वतः अपील किंवा क्रॉस ऑब्जेक्शन केलं नसेल, तर तुमच्या अपिलात साधारणपणे आधीची रक्कम खाली येत नाही. पण तुमच्या अपिलामुळे कंपनी जागी होऊन तीही उतरू शकते. तमिळनाडूच्या मुलाची रक्कम मधल्या पायरीवर कमी झाली होती, हे विसरू नका. दुखापत बरी झालीय, सगळं नीट मोजलं गेलंय, फरक फक्त ‘वेदनांसाठी’ दिलेल्या रकमेत थोडाफार वाटतोय, तर मी म्हणेन सोडा, पुढच्या परीक्षेला लागा. पण टक्का चुकलाय, भविष्यातली वाढ दिली नाही, उत्पन्न मजुराहूनही कमी धरलंय, पुढच्या ऑपरेशनचा खर्च शून्य दाखवलाय, यातलं काही असेल तर गप्प बसू नका.

वकील म्हणतील, ‘फी नको, मिळतील त्यातले तीस टक्के द्या.’ भरपाईतला हिस्सा फी म्हणून ठरवणं बार कौन्सिलच्या नियमांना धरून नाही. फी लेखी ठरवा. मुलगी असाल, अनुसूचित जाती-जमातीतले असाल किंवा दिव्यांग असाल, तर उत्पन्न कितीही असलं तरी विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळू शकतो. त्याचं ऑफिस जिल्हा न्यायालयाच्या आवारातच असतं. बाकीच्यांना उत्पन्नाची अट आहे, ती तिथेच विचारा.

अजून दावाच टाकला नसेल तर? एप्रिल २०२२पासून अपघाताच्या तारखेपासून सहा महिन्यांची मुदत कायद्यात आलीय, तेव्हा ती पक्की धरून चला. अपघात पुण्यात झाला आणि घर लातूरला असेल, तर दावा लातूरलाही टाकता येतो. हॉस्टेलवर राहणाऱ्यांना हे बऱ्याचदा माहीतच नसतं.

आणि पैसे आल्यावरची एक गोष्ट. मोठी रक्कम असेल तर ट्रिब्युनल त्यातला काही भाग मुदतठेवीत ठेवायला सांगतं. पोरानं एका दमात बुलेट घेऊ नये म्हणून असेल. पण ती ठेव तुमचीच असते. शिक्षणासाठी किंवा उपचारासाठी मध्येच हवी असेल तर त्याच ट्रिब्युनलकडे अर्ज करता येतो. अर्जाला कॉलेजचं फी स्ट्रक्चर आणि बँकेच्या ठेव पावतीची झेरॉक्स जोडा.